पदरातले खडे

माझ्या हातच्या भातात आजवर कुणाच्या दाताखाली खडा आलेला नाही. मी सांगते म्हणून नव्हे, शारजातल्या आमच्या बिल्डिंगमध्ये कुणालाही विचारा. दुकानदार म्हणतो, अम्मा, तांदूळ मशीन-क्लीन आहे. मशीनला काय डोळे असतात? दुपारी मुलगा-सून ऑफिसात आणि नात क्लासला गेली, की मी ताट घेऊन बसते आणि खालच्या मजल्यावरची हव्वाबी आपलं ताट घेऊन वर येते.

हव्वाबी रत्नागिरीकडची. तिची मुलगी रशीदा इथं नर्स आहे, ती मुलीकडेच राहते. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, पण निवडायची हौस दांडगी. तिचं निवडून झालं की तेच ताट मी पुन्हा घेते आणि एकेक खडा काढून तिच्या नाकासमोर धरते. ती म्हणते, "ऱ्हाऊ दे गो मनूबाय दोन-चार. जावयाच्या दातांना तेवढाच व्यायाम."

आम्ही एकमेकींना सगळं बोलतो. फक्त फुजैराचं नाव काढत नाही.

तिचा मुलगा मुनव्वर फुजैराच्या बंदरात कामाला होता. समुद्रात नांगर टाकून उभ्या राहिलेल्या बोटींना लाँचमधून सामान पोचवायचं काम. चार वर्षांमागे वारा सुटला, लाँच उलटली. बाकीचे सापडले. मुनव्वर नाही सापडला. त्याच्यासाठी मशिदीत नमाज झाली, कागदोपत्री जे व्हायचं ते झालं, पण कबर काही झाली नाही. कबरीत ठेवायला तरी माणूस हवा ना.

हव्वाबीच्या गावी शब्बेबारातीला कबरींवर सबजा घालतात. तिच्या बाल्कनीत सबज्याची कुंडी आहे. झाड माजलं की ती छाटते, आणि छाटलेल्या काड्या केरात टाकत नाही. वाळेपर्यंत ओट्यावर तशाच असतात. एकदा मी म्हटलं, चल, फुजैराला जाऊन समुद्राला तरी वाहून येऊ. ती ताट उचलून खाली गेली ती आठवडाभर वर आली नाही. त्यानंतर मी तोंड आवरलं. मला तोंड आवरायला लागणं म्हणजे काय, हे माझ्या सुनेला विचारा.

तर दोन हजार दोनच्या उन्हाळ्यात आमच्या दत्तप्रसादच्या मनात आलं, की युरोप बघायचं. दत्तप्रसाद माझा मुलगा. दुबईत देऱ्याला कार्गोच्या ऑफिसात मोठा माणूस आहे, पण पैसे सोडताना त्याची बोटं आखडतात. ते माझ्याकडून आलंय असं सून म्हणते. म्हणू दे. एजंटने टूरचा आकडा सांगितला, तो दत्ताने आधी दिरहममध्ये ऐकला, मग मोठ्याने रुपयांत केला, आणि फोन ठेवून म्हणाला, आपण आपलं आपण जाऊ. म्युनिकचं तिकीट स्वस्तात होतं म्हणून म्युनिक. ते कुठल्या देशात येतं हे मला तिकीट हातात आल्यावर कळलं.

तिथल्या एका दिवसाचा प्रश्न होता. सुनेला, म्हणजे अनुपमाला, राजाचा किल्ला बघायचा होता. त्याची टूर माणशी चाळीस युरो, म्हणजे दीडशे दिरहम, म्हणजे दोन हजार रुपये. नात ईश्वरी सतरा वर्षांची, तिने आधीपासूनच सांगून ठेवलं होतं, की तिला दाखाऊ बघायचंय. हिटलरच्या वेळी माणसं कोंडून ठेवायची छावणी होती तिथं. ज्यू माणसं, त्याच्या विरोधातली माणसं, धर्मगुरूसुद्धा. हजारोंनी मेली. आता ती जागा तशीच राखून ठेवलीय, आणि आत जायला पैसे पडत नाहीत.

माझ्या मुलाला इतिहासात गोडी नाही, पण 'एंट्री फ्री' या दोन शब्दांत आहे. किल्ला खलास, दाखाऊ पक्कं.

मात्र शुक्रवारी नको म्हणाला, सुट्टीची गर्दी असेल. अनुपमाने शांतपणे विचारलं, "शुक्रवारी कुणाला सुट्टी?" वीस वर्षं आखातात काढलेला माणूस. त्याला वाटत होतं जर्मन लोकही शुक्रवारी बिर्याणी खाऊन झोपतात.

हे सगळं शारजात ठरलं तेव्हा मी हव्वाबीला सांगितलं. ती खूप हसली. "लोक बरफ बगायला जातात, नि तू मसणवाटा बगायला चाललीस. तो पण फुकटातला." मी म्हटलं, तुझ्या जावयाने तुला इथल्या खोरफक्कानच्या पुढे कधी नेलंय का, आधी ते सांग. मग दोघीही निवडत राहिलो. जायला उठली तेव्हा ताट कमरेवर घेऊन दारात थांबली.

"त्या लोकांना कबरी होत्या काय गो?"

"कुठल्या असणार? ईश्वरी म्हणते, जाळून टाकली."

"मग त्यांची माणसं कुठं उभी ऱ्हातात, तेवढं बगून ये." आणि जिना उतरली.

मला लोक बरीच कामं सांगतात. परदेशातून कुणाला चॉकलेट हवं असतं, कुणाला सुरी. असलं काम कुणी सांगितलं नव्हतं.

त्या दिवशी आम्ही सकाळी निघालो. पाचजणांचं दिवसाचं एकच तिकीट मिळतं, आम्ही चौघं, म्हणून एका माणसाचे पैसे वाया गेले याचं दत्ताला दाखाऊ येईपर्यंत वाईट वाटत होतं. मी साडीवर सुनेचा स्वेटर आणि पायात ईश्वरीचे खेळायचे बूट घातले होते. ईश्वरी म्हणाली, "आजी, यू लुक सो कूल." मी म्हटलं, कूल नाही, थंडी वाजतेय. पिशवीत दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी. गाडीतून उतरलो, स्टेशनाबाहेर बस होती, बसने थेट दारात सोडलं. एजंट लागला नाही, गाइड लागला नाही. दत्ताची छाती दोन बोटं वर आली होती.

आत गेल्यावर मात्र ती खाली आली. एवढं मोठं मैदान, आणि त्यात काहीच नाही. पायाखाली खडी. लाकडी बराकी दोनच उभ्या, त्याही नंतर बांधलेल्या. बाकीच्यांच्या जागी नुसती चौकट आणि तिच्यात खडी भरलेली. एका लोखंडी दारावर अक्षरं होती. ईश्वरीने वाचून सांगितलं, की काम केल्याने माणूस मोकळा होतो. मी मनात म्हटलं, बरं लिहिलंय. मग ते कुणी आणि कुणासाठी लिहिलं होतं, ते तिने सांगितलं. मी त्या दाराकडे पुन्हा पाहिलं नाही.

फोटो होते. अनुपमाने ते बघता बघता माझा हात धरला. एरवी ती माझा हात रस्ता ओलांडतानाही धरत नाही, मीच तिचा धरते. दत्ता एका फोटोपाशी खूप वेळ उभा होता. त्यात बुटांचा ढीग होता. बाहेर आल्यावर तो म्हणाला, तिकिटाचं जाऊ दे, आई. मला वाटतं त्याला दुसरंच काही म्हणायचं होतं.

मी हव्वाबीचं काम डोक्यात ठेवून फिरत होते. माणसं कुठं उभी राहतात? सगळीच फिरत होती. उभं राहायचं असं ठिकाण मला दिसेना. मोठमोठे पुतळे होते, पण पुतळ्यासमोर माणूस फोटोला उभा राहतो, आपल्या माणसासाठी नाही. भट्ट्या होत्या तिकडे दत्ताने मला जाऊ दिलं नाही, आणि खरं सांगायचं तर मीही फार आग्रह धरला नाही.

मैदानाच्या पार टोकाला प्रार्थनेच्या जागा बांधल्या आहेत. त्यातली एक ज्यू लोकांची. काळसर दगडाची, जमिनीत उतरत गेलेली. विहिरीत उतरावं तसं खाली जायचं, आत अंधार, आणि छताला एक भोक, त्यातून उजेड पडतो. दत्ता आणि अनुपमा माझ्या मागे दूर बाकावर बसले होते. ईश्वरी पाटी वाचत होती. मी एकटी खाली उतरले.

तिथं कडेच्या दगडावर खडे पडले होते. दहा-वीस नाही, चांगले पसाभर. बारके, मोठे, पांढरे, काळे. काही ओळीने, काही एकावर एक. मैदानभर खडी, आणि शाळेची पोरं सहलीला आलेली मी बाहेर पाहिलीच होती. म्हटलं, काय ही कार्टी. एवढ्या माणसांचा जीव गेला तिथं येऊन दगड-गोट्यांचा खेळ मांडतात. आणि इतकी चकचकीत गाडी चालवणाऱ्या या देशात झाडायला कुणी नाही?

मी पदर पसरला. डाव्या हाताने धरला आणि उजव्या हाताने खडे लोटले. एकही राहू दिला नाही, कोपऱ्यातलेसुद्धा नखाने काढले. माझ्या हातून खडा सुटत नाही हे मी आधीच सांगितलंय. मग पदराच्या टोकाने दगड पुसून घेतला. बरं वाटलं. म्हटलं, कुणी तरी यांचं एवढं केलं.

वळले तर मागे एक म्हातारी उभी होती. माझ्याहून म्हातारी, म्हणजे बघा. हातात काठी, डोक्याला रुमाल. ती माझ्या पदराकडे बघत होती. मी हसले. ती हसली नाही, पण रागावलीही नाही. पुढे येऊन तिने माझं मनगट धरलं, पदरातला एक खडा उचलला आणि मी पुसलेल्या दगडावर ठेवला. माझ्याकडे पाहिलं. मग दुसरा ठेवला.

तेवढ्यात ईश्वरी उतरली. माझा पदर बघितला आणि तिचा चेहरा पांढरा पडला. "ओ माय गॉड. आजी, व्हॉट हॅव यू डन."

पोरीने मग म्हातारीशी इंग्रजीत बोलणं केलं. म्हातारीचं इंग्रजीही मोडकंच होतं, त्यामुळे मला थोडं थोडं तिच्या हातांवरूनच कळत होतं. ज्यू लोक कबरीवर फुलं ठेवत नाहीत, खडा ठेवतात. फूल सुकतं. खडा राहतो. आपण येऊन गेलो, हे त्या माणसाला आणि मागून येणाऱ्याला कळावं म्हणून. इथला प्रत्येक खडा कुणी तरी, कुठून तरी येऊन, कुणाचं तरी नाव मनात घेऊन ठेवलेला होता. आणि ते सगळे माझ्या पदरात होते.

मी चुकले असं मी म्हणणार नाही. खड्यांना हात लावू नका, अशी पाटी लावायला काय झालं होतं? पण पदर मी आता दोन्ही हातांनी धरला.

मी ईश्वरीला म्हटलं, "तिला विचार, तिचं कोण."

पोरगी म्हणाली, असं विचारत नाहीत. मी म्हटलं, तुम्ही विचारत नाही. आम्ही म्हाताऱ्या विचारतो.

भाऊ. मोठा भाऊ. तो इथंच मेला, की इथून पुढे नेला, ते तिला कधीच नीट कळलं नाही. ती दर उन्हाळ्याला येते.

"कबर नाही?"

म्हातारीने मान हलवली, आणि काठीने पायाखालची जागा ठोकली. एवढीच.

मग आम्ही तिघी खाली बसलो आणि खडे परत ठेवायला लागलो. कुठला कुठं होता ते मला आठवत नव्हतं, याचीच टोचणी फार होती. म्हातारीने हाताने खूण केली, की कुठेही ठेव. मी जन्मभर खडा दिसला की काढला. त्या दिवशी पहिल्यांदा खडा हातात घेऊन तो बसेल कसा, घसरणार तर नाही ना, हे बघितलं. पदर रिकामा झाल्यावर झटकलासुद्धा नाही. हाताने चाचपून बघितलं, एखादा निऱ्यांत अडकला असेल तर.

मनात आलं, एक मुनव्वरच्या नावाचाही ठेवावा. हातात खडा घेतलासुद्धा. मग ठेवला तो म्हातारीच्या भावासाठी. दुसऱ्याच्या देवघरात आपला देव घुसवू नये, आणि मुनव्वरला उभं राहायची जागा त्याच्या आईने बघायची, मी नाही.

बाहेर बसच्या थांब्यावर आम्ही दशम्या सोडल्या, तेव्हा म्हातारीही तिथंच बसली होती. मी माफी वगैरे मागितली नाही. दोन दशम्या दिल्या. तिने चटणीला बोट लावलं, डोळे मोठे केले, ती हळूच बाजूला सारली आणि दशम्या मात्र दोन्ही खाल्ल्या. दत्ताने विचारलं, आई, ही कोण? मी म्हटलं, ओळखीची आहे.

शारजाला परतल्यावर दुसऱ्या दिवशी दुपारी हव्वाबी ताट घेऊन वर आली. किल्ला नाय बगितलास, बरफ नाय बगितलास, मग बगितलंस तरी काय, म्हणून चिडवून झालं. मी सगळं सांगितलं. पदराचं सांगताना थोडं मागेपुढे केलं, पण ती पक्की आहे, तिने ते बरोब्बर पकडलं. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. "म्हणजे मेल्या माणसांचं पण तू निवडून ठेवलंस." हसता हसता डोळे पुसले, आणि पुसत राहिली. मी तांदळाकडे बघत बसले.

मग म्हणाली, "आमच्यात असले दगड ठेवत नाय."

"नका ठेवू."

"दुवा कुठूनपण पोचते. मौलवीसाब म्हणाले."

"पोचत असेलच."

"पण हाताला काय तरी हवं, मनूबाय." तिने दोन्ही हातांची बोटं ताटात खुपसली. "हात नुसते ऱ्हातात."

मी म्हटलं, मंगळवारी निघू. सगळी ऑफिसात असतात.

घरच्यांना सांगितलं असतं तर दत्ताने गाडी काढली असती, रशीदाने रजा टाकली असती, आणि दहा माणसांची पिकनिक झाली असती. आम्ही आपलं आपण गेलो. मी म्युनिकला गाडी-बस बदललेली बाई, मला फुजैराचं काय? शेअर टॅक्सीच्या अड्ड्यावर गेलो. मागच्या तीन सीटांचे पैसे भरले, म्हणजे शेजारी परका माणूस नको. तिसऱ्या सीटवर हव्वाबीने फडक्यात गुंडाळलेल्या सबज्याच्या काड्या ठेवल्या. वाटेत मसाफीला पठाण ड्रायव्हरने गाडी थांबवली आणि एका माणसाला तिथं बसवायला बघू लागला. म्हणे, अम्मा, इधर तो सिर्फ पत्ता है.

हव्वाबी म्हणाली, "पैसा भरा है. वो भी बैठेगा."

पठाणाने तिच्या तोंडाकडे बघितलं आणि दार लावून घेतलं.

फुजैराला समुद्र अगदी रस्त्याच्या कडेला आहे. लांबवर तेलाच्या बोटी रांगेने उभ्या होत्या, कुणाची तरी वाट बघत असल्यासारख्या. हव्वाबीला त्या दिसत नव्हत्या. "किती हायत?" तिने विचारलं. मी म्हटलं, पुष्कळ. लाटा अडवायला टाकलेल्या मोठ्या दगडांच्या कडेने आम्ही चाललो. ऊन असलं कडक, की पायाखालून तव्यासारखी धग. एका सपाट दगडापाशी ती थांबली. का तिथंच, ते मी विचारलं नाही.

तिने फडकं सोडलं, सबजा दगडावर ठेवला आणि हात उचलून पुटपुटायला लागली. वारा आला आणि दोन काड्या उडाल्या. तिने झडप घातली, पण डोळ्यांना दिसतंय कुठं. तिसरी गेली. ती गुडघ्यांवर बसून दोन्ही हातांनी सबजा दाबून धरून राहिली. आता हात उचलावेत तर सबजा उडतो, आणि न उचलावेत तर दुवा कशी मागायची?

मी खाली वाकले, हाताला आला तो चांगला मुठीएवढा खडा उचलला आणि तिच्या हातात दिला. तिने तो चाचपला. फिरवून बघितला. मग सबज्यावर ठेवला, आणि हळूच एकेक हात काढून घेतला.

सबजा हलला नाही.

तिने हात पसरले. मी डोक्यावर पदर घेऊन जरा लांब जाऊन उभी राहिले, बोटी बघत. तिचं झालं तेव्हा ऊन डोक्यावर आलं होतं, आणि दशम्या पिशवीत गरम झाल्या होत्या. आम्ही तिथंच कडेला सावली बघून बसलो आणि खाल्ल्या.

"आणि कोण तुझ्यासारखी आली," हव्वाबी घास चावता चावता म्हणाली, "नि पदरात भरून घेऊन गेली तर?"

"तर आपण दुसरा ठेवायला येऊ."

"कधी?"

"शब्बेबारातीला. पण या खेपेला तिसऱ्या सीटचे पैसे मी दिले. पुढच्या खेपेला तुझे."

तिने मान डोलावली आणि आणखी चटणी मागितली.